सुट्या दगडांवरचं घर

मित्रांनो, मी बार्बाडोसमधलं एक जुनं लाकडी घर आहे. जुनं म्हटलं तरी जन्मभर एकाच जागी ठाण मांडून बसलेलं नव्हे, मी चार ठिकाणं पाहिली आहेत.

व्हेल्डाच्या आजोबांनी मला पाइनच्या फळ्यांनी बांधलं, तेव्हा त्यांच्या नावावर वीतभर जमीन नव्हती. ऊसमळ्याच्या मालकाची जागा भाड्यानं घ्यायची आणि त्यानं हाकललं की घरासकट निघायचं, अशी रीत. म्हणून मला पाया नव्हता. प्रवाळाचे सुटे दगड रचायचे आणि वर मला ठेवायचं. निघायची वेळ आली की गडी गोळा व्हायचे, फळ्या सोडवून गाडीवर लादायचे आणि संध्याकाळी नव्या जागी माझ्याच ओसरीत रम पीत बसायचे. त्या सोहळ्याची मला फार हौस होती.

पुढे व्हेल्डा आणि तिचा नवरा सीमोर यांनी स्वतःची जमीन घेतली. सीमोर आनंदानं वेडा झाला. त्यानं दगडांभोवती काँक्रीट ओतलं आणि माझे खांब लोखंडी सळ्यांनी त्यात जखडले.

“अरे, त्याचे पाय कशाला बांधतोस?” व्हेल्डा म्हणाली.

“आता कुठं जायचंय त्याला? वादळं येतात बाई. आणि जमीन आपली आहे.”

दारापुढच्या पायरीचा दगड मात्र तिनं बांधू दिला नाही. तो डुगडुगायचा. कोण आलं ते तिला स्वयंपाकघरात कळायचं. मलाही वाटलं, आता आपण पक्कं घर झालो. किती मूर्खपणा तो!

मग सीमोरनं मासेमारीच्या बोटीसाठी जमीन बँकेकडे गहाण टाकली. वादळानं मला हात लावला नाही, बोट मात्र फोडली. हप्ते थकले, नोटिसा आल्या आणि लिलाव जाहीर झाला. तेव्हा कुठे दोघं ॲलेनबाई नावाच्या वकिलांना घेऊन आले. ओसरीतलं बोलणं मी ऐकलं.

“बँकेनं नोटीस नीट दिली नसती, तर कोर्टानं विक्री अडवली असती,” बाई म्हणाल्या. “पण ती दिली आहे. थकबाकी कोर्टात भरलीत तर थांबेल.”

“तेवढे पैसे असते तर तुम्हाला कशाला त्रास दिला असता?” सीमोर म्हणाला.

“मग एकच उरतं. गहाण जमीन आहे. घर सुट्या दगडांवर असेल तर ते टेबल-खुर्चीसारखं सामान. उचला आणि न्या.”

व्हेल्डा कितीतरी दिवसांनी हसली. “उचलायची सवय आहे हो त्याला.”

ॲलेनबाई अंगणात उतरल्या, वाकल्या आणि माझ्याखाली बघत राहिल्या.

“हे कुणी केलं?”

“मीच,” सीमोर म्हणाला.

तरीही बाईंनी अर्ज केला. थोडे दिवस विक्री थांबली. मग निकाल आला: जे जमिनीत रुतलं, ते जमिनीबरोबर जाणार. शेवटच्या सकाळी सीमोर पहार घेऊन काँक्रीटवर तुटून पडला. बँकेचा माणूस हळूच म्हणाला, “साहेब, नका. आता ते दुसऱ्याचं नुकसान होईल.” सीमोरनं पहार खाली ठेवली. तीन वेळा हललेलं मी, त्या दिवशी तसूभर हलू शकलं नाही.

व्हेल्डानं दारापुढचा दगड पायानं हलवून दाखवला. “हा तर सुटा आहे ना?”

त्या माणसानं बघितलं आणि मान डोलावली. तिनं तो पोटच्या लेकरासारखा कवटाळला आणि मागं न बघता गेली.

मित्रांनो, जमीन गहाण टाकण्यापूर्वी जाणत्या माणसाला घराच्या पायाशी वाकून बघायला सांगा, लिलावाच्या तोंडावर नव्हे. आणि हाती नोटीस आली की त्याच दिवशी वकील गाठा. माझ्यात आता नवे लोक राहतात. भले आहेत. पण दारातून बाहेर पडताना पायरी असेल म्हणून पाऊल टाकतात आणि धडपडतात. मला त्यांना सावरता येत नाही.