चवळीवरची पांढरी कीड

पुळ्याच्या वरच्या अंगाला आमची वाडी. बत्तीस साली नवरा मुंबईला गिरणीत होता आणि भात कापून रिकाम्या झालेल्या खाचरात मी एकटीने चवळी पेरली. माझे मोठे दीर, भिकाजी भावोजी, तेव्हाच बजावून गेले, "पीक गेला तर पुढच्या सालापास्नं जमीन मी कसनार." बाईने शेत कसायचं हे त्यांच्या डोळ्यांत सलत होतं.

चवळीवर काळा मावा पडला. मग त्या काळ्यात पांढरी, कापूस चिकटल्यासारखी कीड वळवळू लागली आणि सगळी वाडी हादरली. भावोजींनी देवळात कौल लावला. मूर्तीला ओल्या पाकळ्या चिकटवायच्या, उजवी पडली की देवाचा होकार. "पांढरी कीड जाळू काय?" उजवी पडली. भावोजींनी त्याच दिवशी आपल्या शेतातली पांढरी पडलेली पानं खुडून जाळली.

मी मात्र दुपारभर बांधावर बसून बघितलं होतं. ते पांढरं माव्याला धरून चोखायचं, सालपट टाकून दुसरा धरायचं. एक तर कात टाकून मोहरीएवढा तपकिरी भुंगा होऊन निघाला.

भावोजी पेटती चूड घेऊन आले, मागे गुरव आणि अर्धी वाडी. मी कोयता घेऊन बांधावर उभी राहिले.

"बाजूला हो, तुळसा. देवाचा कौल हाय."

"देव काय करनार? प्रश्नच तुमी चुकीचा केलाव. ही कीड नाय, राखन हाय. मावा खाते."

"देवाला चूक म्हनतेस?"

"तुमाला म्हनते, भावोजी. आत पाय टाकू नका."

गुरव खाली बघू लागला. भावोजींनी चूड मातीत खुपसली. "शेंगा किती खातेस ते बघतो," म्हणाले आणि गेले.

जिवाला घोर लागला होता. माझं चुकलं असतं तर जमीन गेली असती, आणि मला ती हवी होती.

मावा सरत आला. शेंगा लोंबल्या. भावोजींची चवळी मात्र माव्याने काळी पडली. एका सकाळी ते टोपली घेऊन माझ्या बांधावर आले.

"तुजी ती पांढरी... थोडी देतेस काय?"

"देते की. पन आधी देवळात चला. कौल नको. वाडीदेखत तुमच्या तोंडानं बोला, जमीन तुळसा कसनार."

ते बोलल्याशिवाय मी एक पानही तोडलं नाही.