आगनागाला निजवणारी पोथी

मित्रांनो, मी एक जुनी पोथी आहे. जुनी म्हणजे किती? तर आभाळात दोनच चंद्र होते, तेव्हाची! तिसरा माझ्या डोळ्यांदेखत आला, म्हणजे बघा.

ज्या बाईंनी मला लिहिले, त्यांनी माझ्या पानांसाठी झाडाची साल स्वतः भिजवली, कुटली आणि शंखाने घोटून गुळगुळीत केली. शाई होती अंधारात उजळणाऱ्या बोरांची. बाई एकेक अक्षर काढताना ते हळूच म्हणत, त्यामुळे अक्षरांत जीव आला. कुणी ‘पाऊस’ असे मोठ्याने वाचले की वाचणाऱ्याच्या मिशा ओल्या होत. ‘लिंबू’ वाचले की ऐकणाऱ्यांचे दात आंबत.

पण मला लिहिले ते एका मोठ्या कामासाठी. आमच्या गावामागच्या डोंगराच्या पोटात एक आगनाग, म्हणजे आग ओकणारा, पंजे असलेला प्रचंड नाग राहतो. तो झोपलेला असला की त्याच्या उबेवर गावातल्या भट्ट्या चालतात, न्हाणीघरात आयते ऊन पाणी येते. तो जागा झाला, तर मात्र गावाची राखरांगोळी! त्याला निजवण्यासाठी बाईंनी माझ्यात एक गोष्ट लिहिली. घर हरवलेल्या एका लहानग्या वाऱ्याची. दर वसंतात गावाचा वाचक मला घेऊन गुहेच्या तोंडाशी बसे, गोष्ट वाचे, आणि आगनाग वर्षभर घोरत पडे. काय ते माझे दिवस! मी रस्त्याने निघाले की भांडणारे लोकसुद्धा भांडण थांबवून बाजूला होत.

मग एका वसंतात आगनागाला अशी गाढ झोप लागली, की पुढच्या वसंतात तो हललाच नाही. त्याच्या पुढच्यातही नाही. लोकांना वाटले, काम फत्ते! त्यांनी मला चांदीच्या पेटीत ठेवले, भाषणे केली आणि वर भलेमोठे कुलूप ठोकले. नातवंडांना नातवंडे झाली, पण मला कुणी उघडले नाही. त्या काळोखात कसर शिरली आणि तिने माझे शेवटचे पान चवीचवीने खाल्ले. जादूची शाई तिला चांगलीच मानवली. काही दिवसांतच बाळसे धरले तिने!

तेव्हाचे ग्रंथपाल मोठे सज्जन गृहस्थ. गाव त्यांना ‘कुलूपराव’ म्हणे. ते रोज माझी पेटी लखलखीत पुसत, पण उघडत नसत. “हाताळलं की झिजतं,” असे त्यांचे म्हणणे. एका सकाळी त्यांची थोरली बहीण, गावातली भट्टीवाली, धावत ग्रंथालयात आली.

“अरे, पाव आत ढकलते न ढकलते तोच कोळसा होतोय! जमीन हलतेय. तो उठतोय रे!”

“ताई, आधी पिठाचे हात पूस, पेटीला डाग…”

“गाव जळायला आलंय आणि तुला डागाचं पडलंय? काढ ती पोथी!”

कुलूपराव जुडग्यात किल्लीच शोधत बसले, तेव्हा शेवटी ताईनेच कुलूप उघडले. किती वर्षांनी उजेड पाहिला मी! दोघे भावंडे मला उराशी धरून डोंगर चढली. गुहेतून धूर येत होता. कुलूपरावांनी खाकरून वाचायला सुरुवात केली. माझी अक्षरे एकेक करून जागी झाली. पावसाच्या ओळीला त्यांच्या मिशा टपटप गळू लागल्या. आगनागाने डोके पंजांवर टेकले, एक डोळा मिटला. आणि पान संपले.

पुढे नुसती जाळी होती.

आगनागाने मिटलेला डोळा उघडला. “पुढे?”

कुलूपराव पान उलटसुलट करून पाहू लागले.

“दर वर्षी शेवट यायच्या आत मला झोप लागायची,” आगनाग गुरगुरला. “आज जागा राहिलोय. त्या पोराला घर मिळालं की नाही?”

मित्रांनो, शेवट मला तोंडपाठ होता. पण पोथीला तोंड कुठे असते! मी कुलूपरावांच्या मांडीवर नुसती तडफडत होते.

“ते पान… कसरीनं खाल्लं,” कुलूपराव कसेबसे म्हणाले. “मी पेटी कधी उघडलीच नाही.”

आगनागाच्या नाकपुड्या लाल झाल्या. तेवढ्यात ताईने भावाला कोपर मारले. “लहानपणी एवढ्या थापा मारायचास, आज दातखीळ बसली होय? सांग की पुढचं!”

कुलूपरावांनी डोळे मिटले.

“तो वारा… खूप दमला होता. थंडीनं गारठला होता. हिंडता हिंडता त्याला डोंगरात एक उबदार भोक दिसलं. तो आत शिरला आणि तिथंच झोपला. ती होती एका आगनागाची नाकपुडी.”

“कुठल्या आगनागाची?”

“तुझ्या.”

आगनाग दचकला. स्वतःच्या नाकाकडे बघण्याच्या नादात त्याचे डोळे तिरळे झाले. “म्हणजे आत्ता तो इथं आहे?”

“हो. झोपलाय.”

“मग हळू बोला ना!” आगनाग कुजबुजला. त्याने पोटातली आग गिळून टाकली, पोराची झोप मोडू नये अशा बेताने हलकासा श्वास घेतला, हलकासा सोडला, आणि असा श्वास घेता घेता स्वतःच झोपी गेला. भावंडे चपला हातात घेऊन डोंगर उतरली. खाली येईपर्यंत दोघांनी हसू दाबून धरले होते.

खरे सांगू? बाईंनी लिहिलेला शेवट निराळा होता. पण हा जास्त छान आहे. कुलूपरावांनी नवे पान बनवून तो त्यावर लिहिला आणि ताईने ते मला शिवून जोडले.

आता मी ग्रंथालयात खिडकीजवळच्या मेजावर असते. कुणीही यावे, वाचावे. माझे कोपरे दुमडले आहेत, एका पानावर फळाचा रस सांडला आहे, आणि मला फार मजा येते. तेव्हा मित्रांनो, हात धुऊन या, पान हळू उलटा, पण आम्हाला उघडा. तुमच्या कपाटात उभ्या असलेल्या प्रत्येक पुस्तकाला रोज वाटते, आज कुणीतरी आपल्याला मांडीवर घेईल.

घ्या ना!