वाढदिवसाची पुरवणी

अश्वजित एका जागी बूड टेकेल तर शपथ. धाड गावात जयमालाताईच्या ओसरीत कॅमेरा लावल्यापासून त्यानं स्टँड तीनदा हलवला, माईक दोनदा पुसला. अकरा वर्षं पेपरात बातमीदारी केली. पतसंस्थेचा घोटाळा मालकानं छापू दिला नाही, तेव्हा राजीनामा फेकून गडी माहितीपट काढायला निघाला. अध्यक्षानं ठेवीदारांच्या पैशातून पुतण्याच्या नावानं जमिनी घेतल्या, त्याचे कागद हाती होते. पण नुसत्या कागदांनी कोणाचं काळीज हलतं? माणूस बोलायला हवा होता.

जयमालाताई त्या संस्थेची एजंट. रोज दुकानोदुकानी फिरून लोकांचे दहा-वीस रुपये गोळा करायची. संस्था बुडाली, अध्यक्ष पुण्याला जाऊन बसला, आणि गावानं चोर ठरवलं हिला. तीन वर्षांत बाई बाजाराच्या दिवशी घराबाहेर पडली नव्हती.

"ताई, लोकांनी तुमच्यावर विश्वास का ठेवला?" अश्वजितनं विचारलं.

"माह्यावर कोन ठेवते, भाऊ? मी हे दाखवत होती."

तिनं पिशवीतून लॅमिनेशन केलेलं पेपरचं पान काढलं. अध्यक्षाच्या वाढदिवसाची पुरवणी. 'गोरगरिबांच्या पैशाचा पहारेकरी'. खाली ठळक नाव, अश्वजित हिवाळे.

आली का पंचाईत! तो हे पान साफ विसरला होता. जिल्ह्यातल्या बातमीदाराला जाहिरातींचं टार्गेट असतं, वर कमिशन. असली कितीतरी पानं त्यानं माणसाचं तोंडही न बघता, मेहकरच्या बसस्टँडवर चहा पीत खरडली होती. नाव टाकायची जरुरी नव्हती, हौसेनं टाकलं.

"पेपरात आलं म्हंजे खरंच असन, असं म्हनून लोक पैसे देत. म्याबी मायचे दागिने मोडून तिथंच ठेवले."

अश्वजितचा हात कॅमेऱ्याकडे गेला. बंद करावा, दुसरा प्रश्न विचारावा, हे पान माहितीपटात घेऊच नये. कोणाला कळणार होतं? बाई त्याच्या हाताकडेच बघत होती. शरमेनं त्याचे कान तापले.

"माहीत असून मला बोलावलंत?"

"हाव. तिघं जन कॅमेरे घेऊन येऊन गेले. त्याइले नाही म्हनलं. मले तुमीच पाह्यजे होते."

त्यानं हात मागे घेतला. कॅमेरा चालू ठेवून तो तिच्या शेजारी सतरंजीवर जाऊन बसला आणि ते पान मोठ्यानं वाचलं, पहिल्या ओळीपासून स्वतःच्या नावापर्यंत. वाचून झाल्यावर म्हणाला, "हे मी लिहिलंय. पैसे घेऊन लिहिलंय."

बाईनं ते पान परत घेऊन पिशवीत ठेवलं.

"मुंबई-दिल्लीले कव्हाबी दाखवा," ती म्हणाली. "पयले धाडच्या बाजारात पडदा लावून दाखवा."

"ताई, लोक मला मारतील."

"मले तीन वर्सं झाले, मारूनच राह्यले," जयमालाताई म्हणाली.