फोल्कमारचे कापलेले प्रश्न

फोल्कमारच्या एकाही चित्रपटात त्याचा आवाज नाही. हे पाप माझं. बत्तीस वर्षं, एकोणीस माहितीपट, सगळे वादकांवरचे, आणि संकलनाच्या टेबलावर मी. तो कॅमेऱ्यामागून प्रश्न विचारायचा, वादक उत्तर द्यायचा, आणि मी प्रश्न कापून टोपलीत टाकायची. "लोक वाजवणाऱ्याला ऐकायला येतात गेर्लिंडे, मला नाही," असं म्हणायचा. मोठा आला साधू!

घशाच्या कॅन्सरनं आवाज गेला, आणि शेवटची दोन वर्षं तो वहीत लिहूनच बोलला. मंगळवारी गेला. गुरुवारी त्याची मुलगी वीबके हॅम्बुर्गला माझ्या दारात उभी.

"मावशी, पुढच्या शुक्रवारी दफन आहे. मला बाबांचा आवाज हवाय. फोनवरचे निरोप मीच पुसून टाकलेत गं. एक वाक्य मिळालं तरी चालेल."

"तुझ्या बाबाचे शब्द मी किलोंनी फेकलेत, पोरी. आता कुठून आणू?"

पण तिचा चेहरा बघवेना. तळघरातले उरलेल्या टेपांचे डबे वर आणले. दोन दिवस आम्ही दोघी ऐकत बसलो. एक खोकला सापडला, एक "हं". ती त्या "हं"वरही रडली, आणि मला माझ्याच हातांचा राग आला.

तिसऱ्या दिवशी वुपरटालच्या म्हाताऱ्या ट्रॉम्बोनवाल्याचा डबा निघाला, सत्त्याऐंशी सालचा. वर माझंच अक्षर: चाल छान, मध्येच बंद. चालीसाठी ठेवला होता. का बंद पडली ते आठवलं आणि मी झाकण पुन्हा लावलं.

"काय आहे त्यात?"

"काही नाही. टेप खराब झालीय."

"खोटं बोलतेस. तुझे कान लाल झालेत."

लावावी लागली. ट्रॉम्बोन हळू वाजत होता. मग बाहेरच्या बोळातून एक बारीक आवाज त्याच्यासोबत गाऊ लागला. सात वर्षांची वीबके. तिची आई तेव्हा हॉस्पिटलात होती, म्हणून पोरीला शूटिंगला आणलेलं. आणि लगेच फोल्कमार, अगदी स्पष्ट, खणखणीत: "अरे, त्या कार्टीला कुणीतरी बाहेर काढा! सगळ्याचं वाटोळं केलं!" धाडकन दार आपटलं. टेप संपली.

मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. "वीबके, कामात असला की तो तसाच. एरवी तुझ्यावर किती जीव होता त्याचा..."

"मला गाडीत नेऊन बसवलं होतं," ती म्हणाली. "त्यानंतर मी त्यांच्यासमोर कधी गायले नाही."

"थांब, तेवढं 'कार्टी' कापून देते."

"नको. पुन्हा लाव."

अकरा वेळा लावली. दर वेळी दार आपटलं की ती दचकायची, डोळे पुसायची आणि म्हणायची, पुन्हा लाव.