कालभवनातली काळी शिला

घाटंजीचा बाजार उठला की निम्म्या बैलगाड्या घरी न जाता पिंपळदऱ्याच्या टेकडीकडे वळत. टेकडीवर चुन्यानं पांढरंफेक केलेलं तीन मजली कालभवन उभं होतं. इथे काळाचा अभ्यास होतो आणि काळाला वेसण घातली जाते, असं कालेश्वर महाराज सांगत. आत वाळूची घड्याळं, लंबकाची घड्याळं, ग्रहांची चित्रं. आणि मधोमध चौथऱ्यात बसवलेली काळी शिला.

१९६१ सालच्या त्या बाजारच्या दिवशी पुंडलिकराव पाटलांनी आपलं खिशातलं घड्याळ शिलेवर ठेवलं. महाराजांनी हात उंचावला.

"ठहर जा, काळा."

टिकटिक बंद पडली. पाटील वाकले, कान लावला आणि हात जोडून मागे सरले. सभागृहात शंभर कपाळं जमिनीला टेकली. घड्याळ परत खिशात गेल्यावर ते पुढे पळायला लागलं, तर महाराजांकडे त्याचंही उत्तर तयार: "थांबवलेला काळ आहे तो. धावत धावत आपली भरपाई करतोय."

ज्याची वेळ वाईट, त्याच्या अंगातून ती सोट्यानं झोडून काढली जाई. त्याच दिवशी रुखमाबाईला दोन चेल्यांनी धरलं. तिला मूल होत नव्हतं, हा तिचा गुन्हा. तिसऱ्या फटक्याला कडकन आवाज आला.

"वाईट काळ मोडला," महाराज म्हणाले.

मोडलं होतं ते रुखमाबाईचं मनगट.

ते बांधायला सरकारी दवाखान्यातली नर्स सत्यशीला दुसऱ्या दिवशी गावात आली. तिच्या बापानं, उकंडानं, छप्पन साली धम्मदीक्षा घेतली, घरातले देव नदीत सोडले आणि पोरीला नर्सिंग शिकायला धाडलं.

"काहून गेलती तिथं?" सत्यशीलानं विचारलं.

"समदं गाव जाते, बाई," रुखमाबाई म्हणाली.

मनगटाला पट्टी बांधून होते तोच कापसाच्या वावरातून ओरडा आला. वेचणी करताना गोविंदाला नाग डसला होता. त्याची बायको नंदाबाई त्याचं डोकं मांडीवर घेऊन बसली होती. सत्यशीलानं त्याला निजवलं, पाय हलू दिला नाही.

"गाडी घाटंजीले घ्या. दवाखान्यात इंजेक्शन हाय."

पण कासरा गोविंदाच्या थोरल्या भावाच्या, किसनरावाच्या हातात होता. त्यानं बैल टेकडीकडे वळवले.

"महाराज वेळच थांबवतीन. वेळ थांबली तं इख चढन कसं?"

सत्यशीलानं कासरा धरला, तर त्यानं तिच्या हातावर बैल हाकायची खिळ्याची तुतारी मारली. ती रक्ताळल्या हातानं गाडीमागे चालत गेली.

शिलेशेजारी गोविंदाला निजवलं. मागोमाग पाटलांसह गाव जमलं. पाटलांचं घड्याळ पुन्हा शिलेवर बसलं आणि बंद पडलं. महाराज हात उंचावून उभे राहिले.

"हे बंद आहे तोवर विष जागच्या जागी राहील."

"पाटील, त्याच्या पापण्या पाहा," सत्यशीला म्हणाली. "उघडून नाही राह्यल्या. इख चालूच हाय. त्याले सोडा."

"देव बुडवणाऱ्याची पोर," महाराज म्हणाले. "हिच्या सावलीनं काळ बाटतो."

एका चेल्यानं तिच्या डोक्यात सोटा घातला. ती चौथऱ्यावर कोसळली. किसनरावानं वरून लाथ घातली. तिची पिशवी शिलेवर सांडली. औषधाच्या बाटल्या घरंगळून फुटल्या. कात्री मात्र शिलेला चिकटून राहिली.

ती बाजूला फेकायला नंदाबाई पुढे झाली. कात्री निघेना. तिनं हिसका देऊन ओढली, तर हातातून निसटून पुन्हा टक्कन शिलेवर जाऊन बसली. नंदाबाई नवऱ्याकडे बघायची थांबली आणि कात्रीकडे बघू लागली.

सत्यशीला कपाळावरचं रक्त पुसत उठली.

"खाली चुंबक हाय, नंदाबाई. डोयात लोखंडाचा कण गेला तं आम्ही चुंबकानंच काढतो. घड्याळात पोलादाची बारीक कमान असते, तिले हा धरून ठेवते. घड्याळ उचला, पाटील."

पाटलांनी घड्याळ उचलून दाराशी नेलं, जरा हलवलं. टिकटिक सुरू झाली. महाराजांचा हात अजून वरच होता.

"गाडी जुपा," नंदाबाई म्हणाली.

फार उशीर झाला होता. नाला ओलांडायच्या आधीच गोविंदाचा श्वास बंद पडला. सत्यशीलानं नाडी पाहिली आणि त्याचा हात हळूच खाली ठेवला.

किसनराव गाडीतून उतरला. बैलांच्या जुवाशेजारची कुऱ्हाड काढून तो टेकडीकडे धावत सुटला. वर लोकांनी पहारीनं शिला फोडली होती. खाली विटांच्या खळग्यात भंगार ट्रॅक्टरांच्या इंजिनातली लोहचुंबकं तारेनं एकत्र बांधलेली निघाली. चेले पळाले होते. महाराजांना लोकांनी त्याच सोट्यानं झोडपून काढलं होतं. किसनरावाचा पहिला घाव महाराजांच्या खांद्यात रुतला. दुसऱ्यासाठी कुऱ्हाड वर गेली, तेव्हा मागून धापा टाकत आलेल्या सत्यशीलानं दांडा पकडला.

"सोड," किसनराव म्हणाला. "माहा भाऊ मारला यानं."

"यानं मारला. अन् गाडी तू वळवली." ती दांडा सोडेना. "आज हा मेला तं उद्या लोक म्हनतीन, महाराजानं समाधी घेतली. इथंच फुलं चढतीन, इथंच दुसरा येऊन बसन. याले जित्ता ठेव. कोर्टात समद्याइले सांगू दे, कसं करत होता ते."

किसनरावाच्या हातातून कुऱ्हाड गळाली. तो तिथेच बसला आणि गुरासारखा हंबरडा फोडून रडला.

महाराजांना सक्तमजुरी झाली. त्यांचं खरं नाव कोर्टात कळलं. ते इथे लिहून त्यांना मोठं करायचं कारण नाही.

निकालानंतर गावच्या शाळेच्या अंगणात लोक जमले. सत्यशीलानं चुंबक आणलं होतं, पण दाखवायला उठली ती नंदाबाई. तिनं पाटलांचं घड्याळ चुंबकावर ठेवलं. ते थांबलं.

"माह्या हातानं बी बंद पडते," ती म्हणाली. "मंग मी काय देव आहो? कोनी चमत्कार दाखवला तं आधी इचारा, कसा केला. सोताच्या हातानं करून पाहा. नाही सांगत म्हनला तं तिथून उठा. अन् साप डसला तं गाडी दवाखान्याकडं घ्या. माहा माणूस वाचला असता."

किसनराव पुढच्याच रांगेत बसला होता. तो उठला आणि म्हणाला, "नंदाबाई खरं सांगते. गाडी म्याच वळवली होती."