साबणावरचा ठसा

बाबांचं किल्ल्या बनवायचं दुकान आहे. दोन गिऱ्हाइकं उभी राहिली की भरलंच. शाळा सुटली की मी तिथे बसते आणि कानशीने पडलेला पितळेचा कीस झाडते. वय चौदा. अक्कल किती, ते सांगते.

शिकवणीतला एक मुलगा मला आवडायला लागला. दोन महिने आम्ही बरोबर घरी यायचो. एकदा म्हणाला, "प्रेम आहे ना? मग फोनचा पासवर्ड दे." दिला. किल्लीवाल्याची पोर मी, आणि माझंच कुलूप सताड उघडं! दुसऱ्याच दिवशी त्याने माझ्या जिवलग मैत्रिणीचा नंबर पुसून टाकला. म्हणे, ती माझे कान भरते.  मी मनाची समजूत घातली, जीव आहे म्हणूनच करतो.

त्या संध्याकाळी दुकानात कडक इस्त्रीतले एक काका आले. रुमालातून साबणाची वडी काढली. तिच्यावर किल्लीचा ठसा होता.

"बायकोच्या कपाटाची आहे. बनवून द्या."

"त्यांना घेऊन या," बाबा म्हणाले. "त्यांच्यासमोर बनवतो."

"अहो, नवरा आहे मी! आमच्यात लपवाछपवी नसते."

"मग सोपंच आहे. विचारा त्यांना."

बाबांनी ओल्या अंगठ्याने ठसा पुसला आणि वडी परत दिली. काका तोंडाला येईल ते बोलून गेले. बाबा नव्या किल्लीला कानस मारत राहिले.

मी कीस झाडायचं थांबवलं. "बाबा, मी फोनचा पासवर्ड एका मुलाला दिलाय."

वाटलं, आता माझी खरडपट्टी निघणार. बाबांनी कानस खाली ठेवली. "तुला द्यायचा होता?"

"नाही."

"मग बदल. बाकीचं घरी जाताना बोलू."

दुसऱ्या दिवशी शिकवणीबाहेर त्याने सवयीने माझा फोन घेतला. उघडेना.

"बदललास? विश्वास नाही माझ्यावर?"

"तुझा माझ्यावर असता, तर मागितला असतास का?"

"नवा सांग. नाहीतर आपलं संपलं."

 आवडायचा तो मला, खोटं कशाला बोलू? पण राग त्याहून मोठा होता.

"संपलं तर संपलं," म्हटलं आणि फोन त्याच्या हातातून काढून घेतला.

तिथेच, त्याच्यासमोर, मैत्रिणीला फोन लावला. नंबर त्याने पुसला होता. मला तो तोंडपाठ होता.