मावशीची पट्टी

कियो मावशी आईची मावशी, पण मीही तिला मावशीच म्हणायचे. तिला जाऊन नऊ दिवस झाले होते. येणाऱ्यांना चहा दे, त्यांची तीच ती वाक्यं ऐक. आई आणि मी पार पिचून गेलो होतो.

तरी आईने तिच्या मावसभावाला, तोकुजी मामाला बोलावलंच. मामा संग्रहालयात कामाला. त्याला मावशीची, विणताना धागा ठोकायची पट्टी न्यायची होती. हातभर लांब, मेपलच्या लाकडाची. पन्नास वर्षं झाडाच्या सालीचा धागा ठोकून मुठीपाशी खड्डा पडलेला. शाळा सोडल्यावर दोन वर्षं मी मावशीकडेच विणायला बसायचे. त्या खड्ड्यात माझाही अंगठा बसतो.

आमच्यात गेलेल्या माणसाची वस्तू मोडली, की ती त्याच्यापर्यंत पोचते. मावशीने मला बजावलं होतं, "मोडून पाठव गं. अख्खी ठेवलीस तर तिकडे मी काय हाताने ठोकू?"

आईला हे सगळं माहीत होतं. "पण काचेमागे नाव तरी राहील तिचं," ती म्हणाली. "नाहीतर कोण लक्षात ठेवणार? तू?"

"हो, मी."

"तू? तू शाळेत तरी टिकलीस का?"

माझं टाळकंच सटकलं. आत जाऊन कोयत्याने पट्टीचं टोक उडवलं. नखाएवढंच. पुढे हात धजेना.

मामा आला, पांढरे हातमोजे घातले, टोकावरून बोट फिरवलं.

"हे ताजं आहे."

"मीच तोडलं," मी म्हणाले.

"नोए! कार्टे!" आई ओरडत उठली आणि परत खाली बसली. तेवढंही त्राण नव्हतं तिच्यात.

मामाने हातमोजे काढून खिशात कोंबले. "या वर्षातली ही चौथी वस्तू. तीन अख्ख्या नेल्या मी. एक तर माझ्याच आईची. तिच्यापर्यंत ती पोचलीच नाही." मग माझ्याकडे बघून म्हणाला, "आणि तू! एवढ्याशा कपच्याने कियो मावशी तिकडे काय विणणार? मोडायची तर पुरी मोड."

मी आईकडे बघितलं. तिने पट्टी उचलली आणि खड्ड्यात स्वतःचा अंगठा ठेवला.

"इथे नको," ती म्हणाली. "मागे चला, देवाच्या काठ्यांपाशी."

घरामागे तासलेल्या काठ्या रोवून आम्ही देवाला पुजतो. तिथे गेल्यावर मी पट्टी गुडघ्यावर ठेवून दाबली. मोडेना. पुन्हा दाबली. मेलं लाकूड मावशीसारखंच हट्टी.

तिसऱ्यांदा मामाने एक टोक धरलं, आणि दुसरं आईने.